पिवळी की लाल? गाडीत नवा स्टिरिओ जोडताना हमखास होणारी गल्लत

नव्या स्टिरिओच्या मागून वायरींचा जो जुडगा बाहेर पडतो, त्यात एक पिवळी आणि एक लाल वायर असते. दोन्हींना १२ व्होल्टच लागतात. दोघींची अदलाबदल झाली किंवा दोन्ही एकाच लाइनवर जोडल्या, तरी डिस्प्ले उजळतो आणि गाणं वाजतं, त्यामुळे जोडणाऱ्याला काम फत्ते झाल्यासारखं वाटतं. चूक बाहेर येते ती नंतर. दुसऱ्या दिवशी सकाळी घड्याळ बारा वाजल्याचं दाखवतं, साठवलेली स्टेशनं गायब असतात, नाहीतर आठवडाभर उभी ठेवलेली गाडी स्टार्टच होत नाही. गाणं चालू असताना दोन्ही वायरींत १२ व्होल्टच दिसतात. फरक कळतो तो किल्ली काढल्यावर, म्हणून या वायरी किल्लीच्या हिशेबानंच समजून घ्यायला हव्यात.

पिवळी वायर बॅटरीशी कायमची जोडलेली असते. किल्ली काढा, गाडी लॉक करा, तिच्यातला पुरवठा चालूच राहतो. घड्याळ, स्टेशनं, आवाजाची सेटिंग्ज हे सगळं तिच्या जिवावर टिकतं, म्हणून बरेच जण तिला ‘मेमरीची वायर’ म्हणतात. इतपत ठीक आहे. पण त्यावरून पुढचा निष्कर्ष काढला जातो की पिवळी फक्त मेमरीपुरती आणि खरा पॉवर सप्लाय लाल वायरीतून. बहुतेक स्टिरिओंमध्ये गोष्ट नेमकी उलट असते. आतल्या अँप्लिफायरला लागणारा सगळा मोठा करंट पिवळ्या वायरीतूनच येतो.

किती मोठा, याचा अंदाज साध्या गणितानं येतो. इंजिन चालू असताना गाडीत साधारण १४.४ व्होल्ट मिळतात. ४ ओहमच्या स्पीकरवर त्यातून स्वच्छ आवाजात जास्तीत जास्त २६ वॅटच्या आसपास पॉवर निघू शकते, आणि आतला व्यय धरला तर प्रत्यक्षात सुमारे २० वॅट. खोक्यावर छापलेले ‘५० वॅट गुणिले ४’ म्हणजे क्षणभराच्या शिखराचा आकडा. तरीही चार स्पीकर मोठ्या आवाजात वाजवले की एकूण ८० वॅट बाहेर पडतात, आणि तेवढी पॉवर द्यायला अँप्लिफायर बॅटरीकडून १० अँपिअर किंवा त्याहून जास्त करंट ओढू शकतो. स्टिरिओच्या पाठीवर १० किंवा १५ अँपिअरचा फ्यूज दिसतो, तो या पिवळ्या लाइनसाठी.

लाल वायर ही नुसती सूचना आहे. ‘किल्ली फिरली, आता जागा हो’ एवढंच ती स्टिरिओला सांगते आणि किल्ली बंद झाली की ‘झोप’ म्हणते. तिच्यातून जाणारा करंट बहुतेक वेळा काही मिलिअँपिअरच असतो. तिची जागा गाडीच्या एसीसी (अॅक्सेसरी, म्हणजे रेडिओसारख्या जोड उपकरणांच्या) लाइनवर. किल्लीच्या चार जागा आठवा: लॉक, एसीसी, ऑन आणि स्टार्ट. एसीसीला फिरवलं की लाल वायरीत पुरवठा येतो, ऑनला तो टिकतो आणि स्टार्टर फिरत असतानाच्या त्या एक-दोन सेकंदांत तुटतो. स्टार्टरला बॅटरीची सगळी ताकद मिळावी म्हणून गाडीतच तशी सोय केलेली असते. त्यामुळे इंजिन सुरू करताना गाणं क्षणभर थांबलं तर तो बिघाड समजू नका.

अदलाबदल झाली तर काय होतं? पिवळी एसीसीवर आणि लाल बॅटरीवर गेली की किल्ली काढताक्षणी स्टिरिओचा मुख्य पुरवठाच जातो, आणि तो दरवेळी कोरा होऊन सुरू होतो. अँड्रॉइडवर चालणारी मोठ्या स्क्रीनची युनिट झोपेतून पटकन जागी व्हायला हवीत, पण अशी जोडणी असेल तर दरवेळी शून्यापासून बूट होत बसतात. लोक मग युनिटलाच नावं ठेवतात. याहून गंभीर बाब म्हणजे अँप्लिफायरचा सगळा भार एसीसीच्या लाइनवर पडतो, जिच्यावर अनेक गाड्यांत चार्जिंगच्या सॉकेटसारखी इतर कामंही असतात. आवाज वाढवला की फ्यूज उडतो. फ्यूज उडणं हे संरक्षणच आहे. धोका त्यापुढे आहे, कारण तिथे कुणीतरी मोठ्या अँपिअरचा फ्यूज बसवतो. फ्यूज स्टिरिओपेक्षाही वायरीला वाचवण्यासाठी असतो. वायर तीच ठेवून फ्यूज मोठा केला, तर आता जळायची पाळी वायरीची, आणि ती डॅशबोर्डच्या आत, जिथे धूर निघेपर्यंत काही दिसत नाही.

दुसरी चूक माझ्या मते अधिक वाईट: एसीसीची लाइन सापडली नाही म्हणून पिवळी आणि लाल एकत्र पिळून दोन्ही बॅटरीच्या लाइनवर टाकणं. अशा जोडणीत मेमरी टिकते, आवाज उत्तम येतो, तक्रारीला जागाच राहत नाही. पण स्टिरिओच्या दृष्टीनं गाडीची किल्ली कधी निघतच नाही. बटण दाबून स्क्रीन काळी केली तरी आतलं बरंचसं सर्किट जागं राहतं. समजा तो ०.२ अँपिअर घेत राहिला. चोवीस तासांत ४.८ अँपिअर-तास गेले. ४५ अँपिअर-तासाची बॅटरी पाचव्या दिवशी निम्म्यावर येते, आणि जुनी बॅटरी असेल तर तेवढ्यात स्टार्टर फिरेनासा होतो. शिवाय अशा खोल डिस्चार्जनं साध्या लेड-अॅसिड बॅटरीचं आयुष्यच घटतं. बॅटरी बदलली जाते, नवीही काही दिवसांनी तशीच बसते, आणि स्टिरिओवर संशय घ्यायचं कुणाच्या मनातही येत नाही.

रंगांवर किती विसंबायचं

स्टिरिओच्या बाजूचे रंग बाहेरून घेतलेल्या बहुतेक युनिटमध्ये सारखे असतात: पिवळी बॅटरी, लाल एसीसी, काळी अर्थ (गाडीच्या बॉडीला, म्हणजे बॅटरीच्या निगेटिव्हला जाणारी), नारिंगी दिव्यांची. पांढरी आणि करडी पुढच्या डाव्या-उजव्या स्पीकरची, हिरवी आणि जांभळी मागच्या डाव्या-उजव्या स्पीकरची, आणि काळी रेघ असलेली त्यांची जोडीदार निगेटिव्ह. युनिटच्या लेबलवर खात्री करून घ्या म्हणजे झालं.

गाडीच्या बाजूला मात्र ही भाषा चालत नाही. प्रत्येक कंपनीची आपापली रंगसंगती असते. टोयोटाच्या बऱ्याच गाड्यांत कायमचा पुरवठा निळ्यावर पिवळी रेघ असलेल्या वायरीत असतो, एसीसी करड्या वायरीत आणि अर्थ तपकिरीत. त्याच कपलरमध्ये (वायरींच्या प्लगमध्ये) लाल, काळी आणि पिवळी अशा वायरी असतात खऱ्या, पण त्या मागच्या स्पीकरच्या! लालला लाल, काळीला काळी, पिवळीला पिवळी असं कुणी डोळे झाकून जोडलं, तर स्टिरिओचा सगळा पुरवठा आणि अर्थ स्पीकरांना जोडले जातील. म्हणून मूळ कपलर कापू नये. गाडीच्या मॉडेलनुसार जोड-हार्नेस, म्हणजे गाडीच्या कपलरला बसणारा वायरींचा तयार जुडगा मिळतो, तो मध्ये घालावा. मूळ वायरिंग शाबूत राहतं आणि पुढे जुना रेडिओ परत बसवायचा झाला तरी अडत नाही.

हार्नेस आणला म्हणजे प्रश्न मिटला, असंही नाही. अनेक गाड्यांत आयएसओ १०४८७ या आंतरराष्ट्रीय प्रमाणातला कपलर असतो. त्याच्या ए भागात चौथ्या पिनवर कायमचा पुरवठा, सातव्या पिनवर किल्लीनं चालू होणारा आणि आठव्यावर अर्थ अशी मांडणी ठरलेली आहे. पण फोक्सवॅगन गटातल्या काही गाड्यांत चौथी आणि सातवी पिन उलट असते. म्हणूनच पुष्कळ हार्नेसवर पिवळ्या आणि लाल वायरीच्या मध्यावर सुटे होणारे गोल जोड दिलेले असतात. ते ओढून काढायचे आणि तिरके जोडायचे, की अदलाबदल सुधारते. घड्याळ रोज पुसलं जात असेल तर काही कापण्याआधी हे जोड शोधा.

पिवळ्या रंगाबद्दल आणखी एक गोष्ट, आणि ती जिवाशी संबंधित आहे. डॅशबोर्डच्या आत पिवळ्या आवरणातून जाणाऱ्या किंवा पिवळ्या कपलरच्या वायरी बहुधा एअरबॅगच्या असतात. त्यांना टेस्ट लॅम्प तर सोडाच, मीटरची टोकंही लावायची नाहीत.

मीटर कसा बोलतो

मल्टिमीटर डीसी २० व्होल्टवर ठेवा. काळं टोक उघड्या धातूच्या बॉडीला, लाल टोक एकेका पिनला. किल्ली बाहेर असताना जिथे सुमारे १२.६ व्होल्ट दिसतात, ती पिवळीची जागा. किल्ली बाहेर असताना शून्य, एसीसीला फिरवल्यावर १२ आणि परत बंद केल्यावर पुन्हा शून्य, ती लालची.

यात दोन फसव्या लाइनी मध्ये येतात. पहिली दिव्यांची. संध्याकाळी काम करताना पार्किंगचे दिवे चालू असतील तर त्या वायरीतही १२ व्होल्ट दिसतात. लाल तिला जोडली, तर दिवे लावल्याशिवाय गाणं लागणार नाही. दिवे बंद-चालू करून बघितलं की ती लगेच ओळखू येते. दुसरी फसवी लाइन इग्निशनची. ती एसीसीला मेलेली असते, ऑनला जिवंत होते आणि स्टार्टर फिरतानाही जिवंत राहते. स्टिरिओ तिच्यावर चालेल, पण गाडी उभी करून गाणं ऐकायला किल्ली ऑनवर ठेवावी लागेल. शिवाय इंजिनाच्या यंत्रणेला जाणाऱ्या लाइनवर मनोरंजनाचा जोड का ठेवायचा? जोड बिघडला तर वाटेत गाडी बंद पडायची.

मीटरची एक मर्यादाही लक्षात असू द्या. तो स्वतः जवळजवळ काहीच करंट घेत नाही, त्यामुळे गंजून एका तारेवर लोंबकळणारी लाइनही त्याला १२ व्होल्ट दाखवते. पिवळीची जागा नक्की झाल्यावर तिथे एक लहान बल्ब लावून बघावा. तो लख्ख पेटला तर लाइन भार पेलते.

तपासणी झाली, वायरींना चिठ्ठ्या लावल्या, की किल्ली काढून बॅटरीचा निगेटिव्ह सोडवा आणि मगच जोडायला घ्या. निगेटिव्ह आधी, कारण पॉझिटिव्ह सोडवताना पाना बॉडीला टेकला तर थेट शॉर्ट होतो. जोड सोल्डर करून त्यावर उष्णतेनं आकसणारी नळी चढवा, किंवा योग्य मापाचा क्रिंप (दाबून बसवायची धातूची नळी) नीट दाबा. नुसत्या पिळून टेप गुंडाळलेल्या जोडाचा डिंक उन्हात पातळ होतो आणि टेप सुटते. पिवळीसाठी बॅटरीपासून नवी वायर ओढायची वेळ आलीच, तर फ्यूज बॅटरीजवळच हवा, ४५ सेंटिमीटरच्या आत. स्टिरिओच्या पाठीवरचा फ्यूज मधल्या सगळ्या वायरीला काहीच संरक्षण देत नाही.

काळ्या वायरीचं थोडक्यात. ती रंग खरवडलेल्या बॉडीला घट्ट बसवा किंवा मूळ अर्थ पिनला जोडा. काळी रेघ असलेल्या स्पीकरच्या निगेटिव्ह वायरी मात्र कधीही बॉडीला जोडू नका. आजच्या स्टिरिओंत स्पीकरच्या दोन्ही वायरींवर सहा-सात व्होल्ट असतात. त्यातली एक अर्थला टेकली की आउटपुटचा आयसी (स्पीकरना पॉवर देणारी चिप) जळू शकतो.

निळी आणि निळी-पांढरी ही जोडीही अशीच गोंधळात टाकते, पण या दोघी पुरवठा घेत नाहीत, देतात. निळी अँटेनासाठी, आणि बऱ्याच युनिटमध्ये ती फक्त रेडिओ लावल्यावर जिवंत होते. निळी-पांढरी बाहेरच्या अँप्लिफायरला जागं करण्यासाठी, स्टिरिओ चालू असेपर्यंत. निळीवर अँप्लिफायरची सूचना टाकली तर ब्लूटूथवर गाणं लावताच आवाज गायब होईल. नवा स्टिरिओ बसवल्यापासून एफएम खरखरत असेल, तर गाडीच्या अँटेनातल्या बूस्टरला पुरवठा मिळत नसण्याची शक्यता मोठी. या दोन्ही वायरींना बाहेरून १२ व्होल्ट कधीच देऊ नका.

काही नव्या गाड्यांत कितीही शोधलं तरी एसीसीची वायर रेडिओच्या कपलरवर सापडत नाही, कारण ती तिथे नसतेच. किल्ली फिरल्याचा निरोप रेडिओला कॅन-बसच्या, म्हणजे गाडीतल्या कंप्युटरांना जोडणाऱ्या जाळ्याच्या डेटा वायरींवरून जातो. अशा गाडीत लाल आणि पिवळी एकत्र बांधण्याचा मोह सर्वात जास्त होतो. त्याऐवजी तो निरोप वाचून १२ व्होल्टचं एसीसी तयार करणारा कॅन-बस अडॅप्टर घ्यावा.

सगळं बसवून झाल्यावर एक मोजणी जरूर करा. गाडी बंद ठेवून बॅटरीचा निगेटिव्ह सोडवा आणि सुटलेली केबल व बॅटरीचं टोक यांच्या मधे मीटर १० अँपिअरच्या सॉकेटवर लावा. दारं लावून किल्ली दूर ठेवा आणि गाडीतली कंप्युटरं झोपेपर्यंत, म्हणजे अर्धा-पाऊण तास थांबा. बहुतेक गाड्यांत आकडा ५० मिलिअँपिअरच्या खाली उतरायला हवा. तो २०० वर अडकला असेल तर स्टिरिओचा फ्यूज काढून बघा. आकडा लगेच कोसळला, तर बहुधा लाल वायर चुकीच्या जागी आहे. मीटर मधे असताना स्टार्टर मारू नका, मीटरचा फ्यूज उडेल.