उडती तबकडी हा शब्द केनेथ अरनॉल्डचा नाहीच

सगळीकडे हेच फिरतंय की केनेथ अरनॉल्ड या अमेरिकन वैमानिकाने तबकडीसारखी गोल यानं पाहिली. खरं म्हणजे २४ जून १९४७ ला अमेरिकेत माउंट रेनियरजवळ विमान चालवताना त्याला ९ चकाकत्या वस्तू दिसल्या, आणि पठ्ठ्याने घड्याळ लावून रेनियर ते माउंट ॲडम्स अंतराला त्यांना लागलेला वेळ मोजला, १ मिनिट ४२ सेकंद! बशी पाण्यावर फेकली की टप्पे खात जाते तशा त्या उडत होत्या, असं तो म्हणाला, म्हणजे बशी ही चालीची उपमा, पण पेपरवाल्यांनी तिला वस्तूंचा आकार करून टाकलं, आणि त्यातूनच 'फ्लाइंग सॉसर' (उडती बशी), म्हणजे आपली उडती तबकडी, हा शब्द आला. सैन्याला दिलेल्या त्याच्या चित्रात पुढची बाजू गोलसर अन् मागची निमुळती आहे. नंतर मॉरी आयलंड प्रकरणाची (त्या बेटाजवळ अशाच उडत्या वस्तू दिसल्याच्या दाव्याची) चौकशी करायला तो स्वतः टॅकोमा शहरात गेला, हे मात्र कुणी सांगत नाही, याचं मला फार वाईट वाटतं.