लष्करी बूट ते स्कूटरचे चुंबक: व्यापारातल्या ‘सुरक्षा’ कलमाची पार्श्वभूमी

१९७५ च्या नोव्हेंबरात स्वीडनने परदेशी पादत्राणांच्या आयातीवर मर्यादा घातली. चामड्याचे जोडे, प्लॅस्टिकचे जोडे, रबरी गमबूट, सगळेच त्यात आले. कारण दिले राष्ट्रीय सुरक्षेचे. स्वस्त आयातीमुळे देशातले कारखाने बंद पडत गेले, तर उद्या युद्धात सीमा बंद झाल्यावर लोकांच्या पायात घालायचे काय, असा त्यांचा सवाल होता. जिनिव्हात गॅट या आंतरराष्ट्रीय व्यापार कराराच्या बाकीच्या सदस्य देशांनी याबद्दल उघड शंका घेतल्या. १८१४ नंतर एकाही युद्धात न उतरलेल्या देशाला बुटांची एवढी काळजी? १९७७ च्या जुलैपासून चामड्याच्या आणि प्लॅस्टिकच्या जोड्यांवरची मर्यादा उठली.

हा किस्सा बहुतेक वेळा हसण्यावारी नेला जातो. मला त्यातली दुसरी बाजू महत्त्वाची वाटते. स्वीडनला कोणत्याही न्यायाधीशाने अडवले नव्हते. कायद्याने अडवण्याची सोयच जवळपास नव्हती. चारचौघांत भुवया उंचावल्या जातात, एवढाच काय तो धाक होता.

तो धाक पुरेल, असे १९४७ मध्ये जिनिव्हात बसलेल्यांनी गृहीत धरले होते. महायुद्ध संपून दोनच वर्षे झाली होती. व्यापाराचे नियम लिहिले जात होते आणि प्रत्येक देशाला एक पळवाट हवी होती, कारण युद्धकाळात नियमांच्या वह्या कोणी उघडत नाही, हे सगळ्यांनी नुकतेच पाहिले होते. त्यातून गॅट करारातले एकविसावे कलम आले. अणुइंधन, शस्त्रास्त्रे आणि लष्कराला लागणारा माल, तसेच युद्ध किंवा ‘आंतरराष्ट्रीय संबंधांतली आणीबाणी’, या बाबतींत एखादा देश आपल्या सुरक्षेसाठी ‘स्वतःला आवश्यक वाटतील’ ती पावले उचलू शकतो, असे त्यात म्हटले आहे. ‘स्वतःला वाटतील’ या दोन शब्दांवर पुढची पंच्याहत्तर वर्षे वाद झाला. मसुद्यावर चर्चा चालू असताना नेदरलँड्सच्या प्रतिनिधीने विचारलेही होते, की या ‘सुरक्षे’त नेमके काय काय येते? अमेरिकी प्रतिनिधीचे उत्तर प्रामाणिक होते. कलम फार घट्ट केले तर खऱ्या गरजेच्या वेळी हात बांधले जातील. फार सैल सोडले तर सुरक्षेच्या नावाखाली निव्वळ धंद्याचे निर्बंध येतील. तेव्हा सदस्यांच्या सद्भावनेवर विसंबायचे ठरले. ऑक्टोबर १९४७ मध्ये ज्या २३ देशांनी करारावर सह्या केल्या, त्यांत भारत आणि पाकिस्तान दोघेही होते.

दोन वर्षांतच पहिली कसोटी आली. पूर्व युरोपात जाणाऱ्या मालावर अमेरिकेने निर्यात-परवान्यांचे बंधन घातले, तेव्हा चेकोस्लोव्हाकियाने तक्रार केली. १९४९ च्या जूनमध्ये मतदान झाले आणि ती १७ विरुद्ध १ अशी फेटाळली गेली. आपल्या सुरक्षेचा शेवटचा निवाडा ज्याचा त्यानेच करायचा, असा सूर त्या चर्चेत लागला. तो पुढे टिकला.

१९६१ मध्ये हाच सूर उलट्या बाजूने ऐकू आला. पोर्तुगालला गॅटमध्ये प्रवेश हवा होता आणि नुकत्याच स्वतंत्र झालेल्या घानाने पोर्तुगीज मालावर बहिष्कार टाकला होता. अंगोलातल्या वसाहतवादी दडपशाहीमुळे सगळ्या आफ्रिकेच्या शांततेला धोका आहे, आणि धोका अजून प्रत्यक्षात आला नसला तरी आमच्यापुरता तो आम्हीच ठरवणार, अशी घानाची भूमिका होती. महासत्तेने वापरलेले शस्त्र छोट्या देशाने उचलले, आणि त्याला कोणी हरकत घेऊ शकले नाही.

त्याच वर्षी पोर्तुगालला आपल्याकडेही, गोव्यात, शेवटचा धक्का बसला. वसाहतवादी सत्तेविरुद्ध व्यापार रोखण्याचे हत्यार भारताने घानाच्या कितीतरी आधी वापरले होते. दक्षिण आफ्रिकेशी व्यापार तोडणारा पहिला देश १९४६ मधला भारत. पण महाराष्ट्राला आणि गोव्याला जवळचा आहे तो १९५५ नंतरचा अनुभव. १५ ऑगस्ट १९५५ ला गोव्याच्या हद्दीत शिरलेल्या सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या झाडल्या, आणि आधीपासून आवळत आणलेली आर्थिक नाकेबंदी भारताने पक्की केली. कॅसलरॉकहून मुरगावला जाणारी रेल्वे थांबली, माल थांबला, मुंबईतल्या गोवेकरांनी घरी पाठवायच्या पैशांवर बंधने आली.

अपेक्षा अशी होती, की बटाटे-कांदे बंद झाले की पोर्तुगीज प्रशासन टेकीला येईल. झाले वेगळेच. जमिनीकडून दार बंद झाले, तेव्हा गोव्याने समुद्राकडे तोंड केले. लोहखनिजाची जपानला होणारी निर्यात वाढली आणि खाणमालक गबर झाले. त्याच सुमारास दाबोळीचा विमानतळ उभा राहिला, पोर्तुगीज भारताची स्वतःची विमान कंपनी निघाली आणि तिची विमाने कराचीला जाऊ लागली. बाहेरून येणारा चैनीचा माल गोव्यात इतका सहज मिळू लागला, की चोरटा व्यापार उलट भारताकडे वाहू लागला. नाकेबंदीने पोर्तुगाल हटला नाही. डिसेंबर १९६१ मध्ये लष्कर गेले तेव्हा जेमतेम दोन दिवसांत काम झाले. व्यापार तोडून दुसऱ्याला वाकवण्याचे बेत कागदावर नेहमी जास्त धारदार दिसतात. गोव्याचे हे उदाहरण जवळचे असूनही या संदर्भात फारसे आठवले जात नाही, याचे मला आश्चर्य वाटते.

आता अमेरिकेतल्या एका वेगळ्या ओढ्याकडे वळू, कारण पोलादावरचे अलीकडचे अमेरिकी आयातशुल्क तिथून आले आहे. १९५५ च्या व्यापार कायद्यात तिथे एक कलम घातले गेले. एखाद्या मालाच्या आयातीने राष्ट्रीय सुरक्षेला बाधा येत असेल, तर राष्ट्राध्यक्षांना ती आयात रोखता यावी, असे ते कलम. त्यामागे मोठा जोर होता देशी तेल-उत्पादकांचा, ज्यांना स्वस्त परदेशी तेलाची स्पर्धा नको होती. मार्च १९५९ मध्ये आयझेनहॉवर यांनी कच्च्या तेलाच्या आयातीवर कोटा लावला. युद्ध झाले तर परदेशी तेलावर विसंबायला नको, हे कारण. पण त्याचा व्यवहारातला अर्थ असा, की आपल्या जमिनीतले तेल आधी उपसून संपवायचे.

गंमत पुढे आहे. खुष्कीच्या मार्गाने येणाऱ्या तेलाला सवलत होती, कारण कॅनडा-मेक्सिकोचे तेल पाणबुड्यांच्या तडाख्यात सापडत नाही. मेक्सिकोचे तेल मात्र जहाजानेच येत असे. मग ते टेक्सासमधल्या ब्राउन्सव्हिल बंदरात उतरवायचे, टँकर ट्रकमध्ये भरायचे, ट्रक पुलावरून मेक्सिकोत न्यायचे आणि तिथून वळसा मारून परत आणायचे. झाले तेल खुष्कीचे! हा खेळ वर्षानुवर्षे चालला. सवलतीबाहेर राहिलेला व्हेनेझुएला दुखावला, आणि सप्टेंबर १९६० मध्ये बगदादला ओपेक ही तेल निर्यातदार देशांची संघटना स्थापन झाली, तेव्हा पुढाकार घेणाऱ्यांत तो होता. तेल कंपन्यांनी भाव पाडले हे तिथले तातडीचे कारण, पण कोट्याचा राग जुना होता. सुरक्षेसाठी लावलेला कोटा १९७३ च्या एप्रिलमध्ये उठवला गेला. त्याच वर्षी ऑक्टोबरात अरब देशांनी तेल रोखले, तेव्हा अमेरिकेच्या विहिरी आधीच उतरणीला लागल्या होत्या.

ते कलम १९६२ च्या कायद्यात ‘२३२’ हा क्रमांक घेऊन बसले.

आपल्या बाजूने या विषयाचा सर्वांत बोचरा अनुभव तारापूरचा आहे. १९६३ च्या भारत-अमेरिका कराराने तिथल्या अणुभट्ट्यांना तीस वर्षे समृद्ध युरेनियम पुरवण्याचे ठरले. १९६९ मध्ये वीज सुरू झाली. १८ मे १९७४ ला पोखरणला स्फोट झाला. त्यासाठीचे प्लुटोनियम तारापूरचे नव्हते, ते ट्रॉम्बेच्या सायरस भट्टीतले होते. पण अणुव्यापाराचे सगळे जग बदलले. पुरवठादार देशांनी लंडनमध्ये बैठका घेऊन आपला गट बांधला. १९७८ मध्ये अमेरिकेने कायदा केला, की ज्या देशाच्या सर्व अणुकेंद्रांवर आंतरराष्ट्रीय तपासणी नाही, त्याला इंधन द्यायचे नाही. भारताचे म्हणणे होते, की करार आधीचा आहे, नंतरच्या कायद्याने तो कसा मोडता? अमेरिकेचे म्हणणे, सुरक्षा. भट्ट्या त्यांच्या बनावटीच्या, इंधन त्यांचे, मुंबईच्या उत्तरेला वीज हवी आपल्याला. हात दगडाखाली असणे म्हणजे काय, ते तारापूरने शिकवले. १९८२ मध्ये इंदिरा गांधींच्या अमेरिका भेटीत तोड निघाली आणि इंधन फ्रान्सकडून आले. पुढे ते चीनकडून आणि रशियाकडूनही आले. पुरवठादारांच्या गटाने भारताला सूट दिली ती थेट सप्टेंबर २००८ मध्ये.

क्रे महासंगणकाची कथा सगळ्यांना पाठ आहे. हवा तो संगणक अमेरिकेने नाकारला, कमी क्षमतेचा दिला, आणि त्यातून पुण्यात सी-डॅक ही संगणक-संशोधन संस्था आणि १९९१ मध्ये ‘परम’ हा देशी महासंगणक उभे राहिले. ती विजयकथा म्हणूनच सांगितली जाते आणि सांगावी. मात्र रशियाकडून क्रायोजेनिक, म्हणजे अतिथंड द्रव इंधनावरच्या, रॉकेट इंजिनाचे तंत्रज्ञान मिळण्याचा करार १९९३ मध्ये अमेरिकी दबावाखाली फिसकटल्यावर, स्वतःच्या इंजिनावर जीएसएलव्ही या भारतीय रॉकेटचे यशस्वी उड्डाण व्हायला जानेवारी २०१४ उजाडला. नकाराने जिद्द येते हे खरे, पण वीस वर्षेही जातात.

मार्च २०१८ मध्ये ट्रम्प प्रशासनाने ते जुने २३२ कलम काढून पोलादावर २५ आणि ॲल्युमिनियमवर १० टक्के शुल्क लावले. कॅनडा, युरोप, जपान या मित्रदेशांच्या पोलादाने अमेरिकेची सुरक्षा कशी धोक्यात येते, हा प्रश्न तिथल्या लष्करालाही पडला होता. संरक्षण खात्याच्या गरजेला देशातल्या उत्पादनाचा लहानसा हिस्सा पुरतो, असे त्या खात्यानेच कळवले होते. प्रत्युत्तरादाखल भारताने जून २०१९ मध्ये बदाम, अक्रोड, सफरचंद, मसूर अशा २८ अमेरिकी वस्तूंवर शुल्क वाढवले.

तोवर एक मोठी गोष्ट घडली होती. एप्रिल २०१९ मध्ये रशिया-युक्रेन वाहतुकीच्या वादात जागतिक व्यापार संघटनेच्या पंचांनी पहिल्यांदाच या एकविसाव्या कलमाचा अर्थ लावला. ‘आणीबाणी’ खरोखर आहे का, हे आम्ही तपासू शकतो, असे ते म्हणाले. तपासले, आणि ती आहे म्हणून रशियाच्या बाजूने निकाल दिला. डिसेंबर २०२२ मध्ये हीच फूटपट्टी अमेरिकी पोलाद-शुल्काला लावली गेली, तेव्हा तिथे कसलीही आणीबाणी सापडली नाही. अमेरिकेने अपील केले. अपील ऐकणारे मंडळ २०१९ च्या डिसेंबरपासून ठप्प होते, कारण त्यातल्या नेमणुका अमेरिकेनेच रोखून धरल्या होत्या. निकाल तिथेच लटकला. २०२५ मध्ये पोलादावरचे शुल्क ५० टक्क्यांवर गेले.

भारतही या काळात हातावर हात ठेवून बसला नव्हता. पुलवामानंतर, फेब्रुवारी २०१९ मध्ये, १९९६ पासून पाकिस्तानला दिलेला विशेष अनुकूल राष्ट्राचा, म्हणजे इतर देशांइतकेच शुल्क लावण्याचा, दर्जा काढून तिथल्या मालावर २०० टक्के शुल्क लावले गेले. पाकिस्तानने तो दर्जा आपल्याला कधी दिलाच नव्हता. उपासाचे सैंधव आणि लाडवातली खारीक प्रामुख्याने तिकडून येत असे, हे बऱ्याच घरांना भाव चढल्यावर कळले. एप्रिल २०२० मध्ये शेजारी देशांतून येणाऱ्या गुंतवणुकीला सरकारी मंजुरी सक्तीची झाली, आणि जूनमध्ये गलवाननंतर ५९ चिनी ॲप बंद झाली.

एप्रिल २०२५ मध्ये चीनने सात दुर्मीळ मृदा-मूलद्रव्यांच्या आणि त्यांच्या चुंबकांच्या निर्यातीवर परवाना सक्तीचा केला. कारण, अर्थात, राष्ट्रीय सुरक्षा. नेम अमेरिकेवर होता, पण त्या उन्हाळ्यानंतर पुण्यात बजाजच्या विजेवरच्या चेतकचे उत्पादन अडले. परवाना हवा तर भारतीय कारखानदाराने लिहून द्यायचे, की हे चुंबक गाडीच्या मोटरीतच बसेल, कोणत्याही शस्त्रात जाणार नाही. १९८० च्या दशकात क्रे संगणक दिल्लीला आला, तेव्हा आपण असेच लिहून दिले होते, की यावर फक्त हवामानाचे गणित होईल. आणि नागरी व लष्करी अशा दुहेरी वापराच्या वस्तूंची स्वतःची यादी भारताकडेही आहे. त्या यादीतला माल पुण्या-मुंबईचा कारखानदार बाहेर पाठवतो, तेव्हा असाच शेवटच्या वापराचा दाखला परदेशी गिऱ्हाइकाकडून आणून दिल्लीला जोडावा लागतो.