मुंबईची आधुनिक चित्रकला आणि शहर

दुसरं महायुद्ध संपल्यावर, म्हणजे स्वातंत्र्याच्या आगेमागे, मुंबईत जी नवी चित्रकला उभी राहिली तिच्याबद्दल एक वाक्य सगळीकडे वाचायला मिळतं, की हे चित्रकार मुंबईनं घडवले. ते खरंच आहे, पण अर्धंच. शहरानं या लोकांना खोली दिली, पोटापाण्याचं काम दिलं, गिऱ्हाईक दिलं आणि भांडायला कारणंही दिली, पण कॅनव्हासवर मुंबई दिसायला पुढची पंचवीसेक वर्षं जावी लागली. मधल्या काळात चित्रांत काय होतं तर खेड्यातल्या बायका, घोडे, न्यूड, लँडस्केप, ख्रिस्त, आणि नंतर नुसते रंग.

सुरुवात १९४७ ला, प्रोग्रेसिव्ह आर्टिस्ट्स ग्रुपपासून. सहा जण होते: फ्रान्सिस न्यूटन सूझा, सय्यद हैदर रझा, मकबूल फिदा हुसेन, कृष्णाजी हौळाजी आरा, हरी अंबादास गाडे आणि शिल्पकार सदानंद बाकरे. यातला एकही जन्मानं मुंबईचा नाही. सूझा गोव्यातल्या साळगावचा, हुसेन पंढरपूरचे, गाडे विदर्भातले, रझा मध्य प्रदेशातले, आरा सिकंदराबादजवळच्या बोलारमचे, बाकरे बडोद्याचे. सगळे बाहेरून आलेले, आणि त्या काळच्या मुंबईत हे काही विशेष नव्हतं, अर्धी गिरणगाव तशीच भरलेली होती.

पोटासाठी प्रत्येकानं काय केलं ते बघण्यासारखं आहे. आरा लहानपणी पळून मुंबईत आले, गाड्या धुतल्या, लोकांच्या घरी घरगडी म्हणून राबले, मिठाच्या सत्याग्रहात तुरुंगातही जाऊन आले. रझा छपाईचे ब्लॉक बनवणाऱ्या स्टुडिओत डिझायनर होते. हुसेन सिनेमाची होर्डिंग रंगवायचे, चौरस फुटाला काही आणे या दरानं, आणि पुढे मुलांच्या फर्निचरची आणि खेळण्यांची डिझाइनंही त्यांनी केली. होर्डिंगचं काम म्हणजे चाळीस फुटांवरचा चेहरा रस्त्यावरच्या माणसाला कळला पाहिजे, नाकाची रेघ जाड, सावली सपाट, आणि काम झटपट उरकायचं कारण पैसे फुटावर मिळतात, दिवसावर नाही. हुसेनच्या नंतरच्या चित्रांतली ती एका दमात मारलेली काळी आउटलाइन बघितली की मला तरी पॅरिसच्या आधी सिनेमा थिएटरांचा ग्रँट रोड आठवतो. (युरोपचा प्रभाव नाही असं म्हणायचं नाहीये, आहेच, पण लिहिणारे तिथूनच सुरू करतात आणि होर्डिंगला एका ओळीत गुंडाळतात.)

युरोप मुंबईत आला तोही जहाजानं आणि नाझींच्या भीतीनं. वॉल्टर लँगहॅमर हा व्हिएन्नाचा चित्रकार टाइम्स ऑफ इंडियात आर्ट डायरेक्टर झाला, रुडॉल्फ फॉन लायडन हा जर्मन माणूस पेपरात कलासमीक्षा लिहायचा आणि व्यंगचित्रंही काढायचा, आणि एमॅन्युएल श्लेसिंगर औषधांच्या धंद्यात होता, तो चित्रं विकत घ्यायचा. नेपियन सी रोडवर लँगहॅमरच्या घरी हे पोरगे जमायचे, युरोपियन मास्टर्सच्या छापील प्रती बघायचे, वाद घालायचे. जे.जे. स्कूल ऑफ आर्ट १८५७ पासून होतं, बॉम्बे आर्ट सोसायटी १८८८ पासून, पण तिथे जे मिळत नव्हतं ते या तिघांच्या दिवाणखान्यात मिळालं. सूझाला तर जे.जे.नं राजकारणापायी काढूनच टाकलं होतं, मग तो कम्युनिस्ट पक्षात गेला, काही दिवस गरीब-मजूर माणसं रंगवली, आणि पक्षाशीही त्याचं फार काळ जमलं नाही.

ग्रुपचं पहिलं प्रदर्शन जुलै १९४९ मध्ये रॅम्पार्ट रोवरच्या बॉम्बे आर्ट सोसायटीच्या जागेत झालं, उद्घाटन लेखक मुल्कराज आनंदांनी केलं. त्याच वर्षी सूझा लंडनला निघून गेला. १९५० मध्ये रझा पॅरिसला गेले, १९५१ मध्ये बाकरे लंडनला. म्हणजे ग्रुप जमेपर्यंत फुटलाच म्हणायचं, पण नाव टिकलं, नवे लोक येत राहिले, वासुदेव गायतोंडे आले, आणि १९५३ च्या प्रदर्शनात कोल्हापूरच्या भानू राजोपाध्ये होत्या, याच पुढे भानू अथैया, वेशभूषेसाठी ऑस्कर मिळवणाऱ्या. १९५६ पर्यंत ग्रुप कागदावरूनही गेला.

जागेचा प्रश्न मात्र कोणाचाच सुटला नाही. बारा बाय दहाच्या खोलीत सहा फुटी कॅनव्हास उभा करायचा कुठे, मागे सरून बघायचं कुठून? म्हणून वॉर्डन रोडच्या भुलाभाई देसाई मेमोरियल इन्स्टिट्यूटला एवढं महत्त्व. समुद्रासमोरचा जुना बंगला, नाममात्र भाडं, आत गायतोंडे, हुसेन, तय्यब मेहता वगैरेंचे स्टुडिओ, शेजारी रविशंकरांचं संगीताचं केंद्र, आणि इब्राहिम अल्काझींच्या नाटकांच्या तालमी. चित्रकार, सतारवाले आणि नाटकवाले एकाच व्हरांड्यात चहा प्यायचे. तो बंगला नंतर पाडला आणि तिथे टॉवर झाला, वॉर्डन रोडवर दुसरं काय होणार.

दुसरी जागा काळा घोड्याची जहांगीर आर्ट गॅलरी. सर कावसजी जहांगीर यांच्या देणगीतून, त्यांच्या गेलेल्या मुलाच्या नावानं, १९५२ मध्ये सुरू झाली. ही गॅलरी तिकीट न काढता, चपला न काढता, ऑफिसातून घरी जाताना पाच मिनिटं शिरता येईल अशी होती, आणि अजून तशीच आहे. १९५४ मध्ये इथेच चित्रकार अकबर पदमसींच्या 'लव्हर्स' चित्रांवर पोलिसांनी अश्लीलतेची केस केली. चित्रं उतरवा म्हणाले, पदमसी नाही म्हणाले, कोर्टात गेलं आणि ते जिंकले. १९६३ मध्ये केकू आणि खुर्शीद गांधी यांनी वरच्या मजल्यावर गॅलरी केमोल्ड काढली, मूळ धंदा फ्रेमचा, आणि १९६४ मध्ये खाली सामोवार कॅफे सुरू झालं, ते २०१५ ला बंद पडलं. एका चहावर तासभर बसू देणारी जागा होती ती, म्हणून तर बंद झाल्यावर एवढी हळहळ.

विकत घेणारे कमी होते पण होते. होमी भाभांनी कुलाब्याच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेसाठी चित्रं घेतली, तिथल्या फॉयरमधलं हुसेनचं भलंमोठं म्युरल १९६० च्या दशकातलं. एअर इंडियानंही ऑफिसांसाठी चित्रं जमवली, बी. प्रभांची चित्रं अगदी सुरुवातीची.

आता परत मूळ मुद्द्यावर. एवढं सगळं शहरात चालू असताना चित्रात शहर का नाही? अपवाद आहेत. रझांनी चाळिशीच्या दशकात पावसातले रस्ते, फ्लोरा फाउंटन, बोरीबंदर वॉटरकलरमध्ये रंगवलं, आणि ती चित्रं मला त्यांच्या नंतरच्या गाजलेल्या बिंदूंच्या चित्रांपेक्षा जास्त आवडतात. तय्यब मेहतांनी १९४७ च्या दंगलीत महंमद अली रोडवर खिडकीतून जमावानं एक माणूस मारताना बघितला, ते त्यांच्या डोक्यातून कधी गेलंच नाही. त्यांची खाली कोसळणारी माणसं, पाय बांधलेला बैल, सगळं तिथूनच असं मानतात. बैलासाठी ते वांद्र्याच्या कत्तलखान्यापर्यंत गेले, फिल्म्स डिव्हिजनसाठी शॉर्टफिल्म केली त्यातही ती दृश्यं आहेत. पण चित्रात रस्ता नाही, दुकान नाही, फक्त देह आणि सपाट रंग. बाकीच्यांना बहुतेक 'भारतीय' आणि 'जागतिक' असं एकाच वेळी दिसायचं होतं, आणि परळचा गिरणीकामगार त्या दोन्हींत बसत नव्हता.

तो आला सत्तरच्या दशकात, आणि आणला दोन डॉक्टर चित्रकारांनी. गीव्ह पटेल मुंबई सेंट्रलला दवाखाना चालवायचे, सुधीर पटवर्धन ठाण्यात रेडिओलॉजिस्ट होते. दिवसभर माणसांची शरीरं बघायची आणि संध्याकाळी तीच रंगवायची. पटवर्धनांचं 'इराणी रेस्टॉरंट' १९७७ चं. लोकलमधली माणसं, रेल्वेचा पूल, ठाण्याकडच्या टेकड्यांवर चढत गेलेली वस्ती, सगळं त्यांच्याकडे आहे. २००१ च्या 'लोअर परळ'मध्ये रूळ आणि चाळी आणि नवे टॉवर एकाच नजरेत येतात, आणि १९८२ च्या संपानंतर गिरण्यांचं काय झालं ते त्यात न सांगता कळतं. पटेलांचं 'ऑफ लॅमिंग्टन रोड' पुरं व्हायला काही वर्षं गेली, गल्लीतली गर्दी आहे आणि तीत एकही हिरो नाही.

पुढे नलिनी मलानी लोहार चाळीतल्या स्टुडिओतून हमाल आणि हातगाड्या रंगवत होत्या. १९९२ मध्ये त्यांनी केमोल्डच्या भिंतींवरच थेट चित्रं काढली आणि प्रदर्शन संपल्यावर ती चुन्यानं पुसली. घाटकोपरच्या अतुल दोडियांनी दुकानाच्या लोखंडी शटरवर चित्रं केली, शटर वर केलं की आत दुसरं चित्र.

बघायचं तर कावसजी जहांगीर हॉलमधली राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयाची शाखा आहे, १९९६ पासून, आणि जवळच छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात कापसाचे व्यापारी जहांगीर निकल्सन यांचा संग्रह. २०१३ मध्ये क्रिस्टीजच्या मुंबईतल्या पहिल्या लिलावात गायतोंडेंचं एक चित्र २३ कोटींच्या वर गेलं, आणि गायतोंडे म्हणजे गिरगावच्या चाळीत वाढलेला माणूस. जहांगीरला प्रदर्शनासाठी तारीख मिळायला आजही वर्षानुवर्षं थांबावं लागतं, आणि ज्यांना थांबायचं नसतं ते बाहेर फुटपाथवर चित्रं लावून बसतात, तिथे भाव मात्र करता येतो.