दोन पगारांमधले चौदा दिवस

११ जानेवारी २०१९, शुक्रवार. अमेरिकेत केंद्र सरकारच्या नोकरीत असलेल्या लाखो लोकांच्या हाती त्या दिवशी पगाराची स्लिप आली, आणि हातात पडणाऱ्या रकमेच्या रकान्यात लिहिलं होतं शून्य. सरकारी खर्चाची मंजुरी राजकीय वादात अडकल्यामुळे २२ डिसेंबरपासून सरकारचा मोठा भाग बंद होता. सुमारे ८ लाख कर्मचाऱ्यांचा पगार थांबला होता. काही जण सक्तीच्या रजेवर घरी होते. विमानांची ये-जा सांभाळणारे नियंत्रक, विमानतळावर सामान तपासणारे कर्मचारी, तुरुंगातले पहारेकरी मात्र बिनपगारी रोज कामावर जात होते. चार-पाच दिवसांनी वॉशिंग्टनमध्ये शेफ होसे आंद्रेस यांच्या संस्थेने पेन्सिल्व्हेनिया अव्हेन्यूवर या कर्मचाऱ्यांसाठी मोफत जेवण सुरू केलं. सरकारी ओळखपत्र असलेली माणसं भर थंडीत जेवणासाठी रांगेत उभी राहिली.

या माणसांना पक्की नोकरी होती, आरोग्य विमा होता, पुढे निवृत्तिवेतन मिळणार होतं. चुकला होता फक्त एक पगार.

‘हातावर पोट’ म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे सकाळी नाक्यावर उभा राहणारा मजूर येतो. आज काम मिळालं तर आज चूल पेटणार. अमेरिकेत ‘पेचेक टू पेचेक’ म्हणजे पगार ते पगार जगणं हा शब्दप्रयोग याच्या जवळचा, पण अगदी तोच नव्हे. त्यात मजूर आहेत, तसे शिक्षक आहेत, नर्स आहेत, दोन गाड्या दारात असलेली घरंही आहेत. मग अशी घरं नेमकी किती? या साध्या प्रश्नाला तिथे निरनिराळी उत्तरं मिळतात. ती तशी का मिळतात, हे समजून घेतलं की त्या जगण्याचं स्वरूपही समजतं.

सर्वात मोठा आकडा येतो लोकांना थेट विचारल्यावर. ‘लेंडिंगक्लब’ या कर्ज देणाऱ्या कंपनीच्या पाहणीत २०२२ च्या अखेरीस ६४ टक्के लोकांनी आपण पगार ते पगार जगतो असं सांगितलं. वर्षाला १ लाख डॉलरहून अधिक कमावणाऱ्यांपैकीही ५१ टक्क्यांनी तेच सांगितलं. पण यात प्रत्येकाने आपापल्या मनातला अर्थ धरून उत्तर दिलेलं असतं. निवृत्तीसाठी दरमहा पैसे कापून जातात, घराचा हप्ता जातो, मुलांच्या कॉलेजसाठी बाजूला ठेवले जातात आणि मग खात्यात काही उरत नाही, असं म्हणणाराही इथे ‘हो’ म्हणतो. ज्याला वीजबिल भरायचं की औषधं आणायची हे ठरवावं लागतं, तोही ‘हो’च म्हणतो. या दोघांना एकाच रांगेत मोजणं मला पटत नाही, कारण त्यात दुसऱ्याची अडचण झाकली जाते.

बँक ऑफ अमेरिकाच्या संशोधन विभागाने लोकांना काही न विचारता खात्यांतले व्यवहार पाहिले. घरभाडं किंवा हप्ता, किराणा, पेट्रोल, वीज-पाणी, इंटरनेट, पाळणाघर अशा गरजेच्या गोष्टींवर उत्पन्नाच्या ९५ टक्क्यांहून जास्त खर्च होत असेल तर ते घर पगार ते पगार जगतं, असं त्यांनी धरलं. २०२४ मध्ये अशी घरं निघाली सुमारे एक चतुर्थांश. ६४ टक्क्यांवरून आकडा एकदम इतका खाली आला, तरी चारातलं एक घर म्हणजे काही थोडं नव्हे. आणि दीड लाख डॉलरच्या वर कमावणाऱ्या घरांतही हे प्रमाण २० टक्क्यांच्या आसपास होतं.

तिसरी मोजपट्टी अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेची, म्हणजे फेडरल रिझर्व्हची. २०१३ पासून दरवर्षी ती लोकांना विचारते: अचानक ४०० डॉलरचा खर्च आला तर तो कसा भागवाल? रोख रकमेतून किंवा तिच्यासारख्याच मार्गाने, म्हणजे क्रेडिट कार्ड वापरून पुढचं बिल येताच पूर्ण चुकतं करून, असं सांगणारे २०२४ मध्ये ६३ टक्के होते. उरलेल्या ३७ टक्क्यांवरून ‘इतक्या अमेरिकनांकडे ४०० डॉलरही नाहीत’ अशा बातम्या होतात. तो अर्थ चुकीचा आहे. या ३७ टक्क्यांतले बरेच जण कार्डावर खर्च टाकून तो हळूहळू फेडतील, काही नातेवाइकांकडून उसने घेतील, काही एखादी वस्तू विकतील. कुठूनच जमणार नाहीत असं म्हणणारे साधारण १३ टक्के असतात. तरीही गाडीचा एक टायर आणि मेकॅनिकची मजुरी एवढ्या रकमेसाठी तीनातल्या एकाहून अधिक माणसांना कुणाचा तरी आधार शोधावा लागतो, ही गोष्ट जगातल्या सर्वात श्रीमंत देशातली आहे.

या विषयावरचं मला सर्वात डोळे उघडणारं वाटलेलं संशोधन २०१४ मधलं, ग्रेग कॅप्लन, जिओव्हानी व्हायोलांते आणि जस्टिन वाइडनर या अर्थशास्त्रज्ञांचं. त्यांनी उत्पन्न बाजूला ठेवलं आणि सहज वापरता येतील असे पैसे मोजले. खात्यातली शिल्लक आणि चटकन विकता येणारे शेअर यांतून क्रेडिट कार्डाचं देणं वजा केलं. उरलेली रक्कम अर्ध्या पगाराइतकीही नसेल, तर ते घर हातावर पोट असलेलं. अशी घरं निघाली सुमारे एक तृतीयांश. आणि त्यातली दोन तृतीयांश घरं गरीब नव्हतीच! त्यांच्याकडे घर होतं, निवृत्तीची पुंजी होती, फक्त सगळं अडकलेलं होतं. स्वयंपाकघराची एक भिंत विकून किराणा आणता येत नाही. निवृत्तीच्या खात्यातून साडेएकोणसाठ वर्षांच्या आधी पैसे काढले तर बहुतेक वेळा कर भरून शिवाय काढलेल्या रकमेच्या १० टक्के दंड पडतो. संशोधकांनी या घरांना ‘श्रीमंत पण हातावर पोट’ असलेली घरं म्हटलं.

सरकारी आकडेही याच दिशेने बोट दाखवतात. २०२२ मध्ये अमेरिकेतल्या मधल्या कुटुंबाची, म्हणजे निम्मी कुटुंबं ज्याच्या वर आणि निम्मी ज्याच्या खाली आहेत त्याची, एकूण मालमत्ता कर्ज वजा जाता १ लाख ९२ हजार ९०० डॉलर होती. बँक खात्यांतली मधली शिल्लक होती ८ हजार डॉलर. न्यू जर्सीत किंवा टेक्सासमध्ये स्थिरावलेल्या मराठी कुटुंबांनाही हे चित्र ओळखीचं असेल. एच-वन-बी व्हिसावर नोकरी गेली तर नवी शोधायला साधारण ६० दिवस मिळतात. त्या दिवसांत कामाला येते ती खात्यातली रक्कम. घराची वाढलेली किंमत तेव्हा हाताशी नसते.

आता थोडं तारखांकडे वळू, कारण या जगण्याचं बरंचसं गणित तारखांत लपलेलं आहे. आपल्याकडे पगार महिन्याचा. अमेरिकेत खासगी क्षेत्रात सर्वात जास्त चालणारी पद्धत म्हणजे दर दुसऱ्या आठवड्याला पगार, वर्षाला २६. घरभाडं मात्र महिन्याच्या १ तारखेला. चौदा दिवसांचं चक्र आणि महिन्याचं चक्र एकमेकांशी जुळत नाही.

कल्पना करा, एका घरात दर दुसऱ्या शुक्रवारी २,००० डॉलर हातात येतात आणि भाडं १,६०० डॉलर आहे. २०२४ चं कॅलेंडर घेऊ. १ मार्चला शुक्रवार होता, त्या दिवशी पगार झाला. मग १५ आणि २९ मार्च, म्हणजे त्या महिन्यात तीन पगार. तसंच पुढे जात राहिलं की जुलैत पगार येतात ५ आणि १९ तारखेला, आणि त्यानंतरचा थेट २ ऑगस्टला. भाडं १ ऑगस्टला द्यायचं, पगार दुसऱ्या दिवशी! म्हणजे १९ जुलैला आलेल्या २,००० मधले १,६०० बाजूला काढायचे आणि आधीचं काही शिल्लक नसेल तर उरलेल्या ४०० डॉलरमध्ये दोन आठवडे किराणा, पेट्रोल, वीज सगळं बसवायचं. त्यातच गाडी बंद पडली तर? ऑगस्टमध्ये मात्र २, १६ आणि ३० असे तीन पगार येतात, आणि पहिल्या दोघांवर भाड्याचं ओझं नसतं. हे तिसऱ्या पगाराचे महिने वर्षातून दोनदाच येतात. मागची थकलेली बिलं भरायला अनेक घरं त्यांचीच वाट पाहतात. उत्पन्न तेच, खर्चही तोच, तरी जुलैचा शेवट आणि ऑगस्टची सुरुवात या घरासाठी दोन वेगळ्या दुनिया असतात.

पगार झाल्यावर खर्च एकदम वाढतो, म्हणजे लोक पैसा हाती आला की उधळतात, असा समज बराच काळ होता. २०१४ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात आलेल्या अभ्यासाने हजारो लोकांचे खरे व्यवहार तपासले. त्या उसळीचा मोठा भाग भाडं आणि ठरलेली बिलं यांचा होता. पगाराच्या सुमारास द्यायचेच पैसे लोक देत होते. लोकांच्या शिस्तीवर बोट ठेवण्याआधी त्यांच्या बिलांच्या तारखा बघाव्यात.

इथे आपण पगार ठरलेला धरला. पण तो तरी कुठे ठरलेला असतो? जोनाथन मॉर्डक आणि रेचल श्नायडर यांच्या चमूने साधारण वर्षभर २३५ कुटुंबांचा पैशांचा रोजचा हिशेब लिहून घेतला. या घरांचं उत्पन्न वर्षातले सरासरी पाच महिने नेहमीपेक्षा २५ टक्क्यांहून जास्त वर किंवा खाली जात होतं. तासावर काम, कधी शिफ्ट कमी, कधी ओव्हरटाइम, कधी टिप. भाड्याची रक्कम मात्र हलत नाही. २०२२ मध्ये अमेरिकेतले निम्मे भाडेकरू उत्पन्नाच्या ३० टक्क्यांहून अधिक घरासाठी खर्च करत होते.

याचा परिणाम शरीरावरही दिसतो. कॅलिफोर्नियातल्या रुग्णालयांच्या नोंदी तपासून २०१४ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध झाला. रक्तातली साखर घातक पातळीवर उतरल्यामुळे दाखल होणाऱ्या गरीब वस्त्यांतल्या रुग्णांचं प्रमाण महिन्याच्या पहिल्या आठवड्यापेक्षा शेवटच्या आठवड्यात २७ टक्क्यांनी जास्त होतं. मधुमेहाची औषधं चालू आणि घरात खायला कमी, असं झालं की साखर कोसळते. सुखवस्तू वस्त्यांत असा फरक दिसला नाही. मला हा आकडा विसरता येत नाही. महिनाअखेर नावाची गोष्ट रुग्णालयाच्या नोंदींत उमटलेली त्यात दिसते.

मनाचं काय? २०१३ मध्ये ‘सायन्स’मध्येच आलेल्या एका गाजलेल्या शोधनिबंधात दोन प्रयोग होते. न्यू जर्सीतल्या एका मॉलमध्ये लोकांना गाडी दुरुस्तीचा प्रसंग सांगितला. १,५०० डॉलरच्या दुरुस्तीचा विचार करायला लावल्यावर कमी उत्पन्नाच्या लोकांची बुद्धिचाचणीतली कामगिरी घसरली, १५० डॉलरच्या वेळी घसरली नाही. दुसरा प्रयोग तमिळनाडूतल्या ऊस शेतकऱ्यांवर होता. हंगामाआधी तंगीत असताना ते चाचणीत मागे पडले, उसाचे पैसे आल्यावर त्याच शेतकऱ्यांचे गुण वाढले. ऊस कारखान्याला घालून बिलाची वाट पाहिलेल्या कोल्हापूर-सांगलीच्या माणसाला हे पटकन पटेल. पण विज्ञान इथे थांबलं नाही. २०१६ मध्ये कार्व्हाल्यो, मायर आणि वांग या संशोधकांनी अमेरिकेतल्या कमी उत्पन्नाच्या लोकांची पगाराच्या आधी आणि नंतर तुलना केली, तेव्हा बुद्धीच्या चाचण्यांत फरक दिसला नाही. पैशांच्या बाबतीत मात्र पगाराआधीचे लोक पुढे मिळणाऱ्या जास्त रकमेपेक्षा आत्ता मिळणाऱ्या रकमेकडे अधिक झुकले. बिल उद्यावर आलं असेल तर हे वागणं मला शहाणपणाचंच वाटतं.

ही परिस्थिती बदलतच नाही असं नाही. ४०० डॉलरच्या प्रश्नाला रोखीने भागवू म्हणणारे २०१३ मध्ये ५० टक्के होते. कोविडकाळात सरकारने थेट पैसे दिले, आणि २०२१ च्या जुलैपासून डिसेंबरपर्यंत बहुतेक घरांना दर मुलामागे महिन्याला २५० किंवा ३०० डॉलर मिळाले. २०२१ च्या पाहणीत तो आकडा ६८ टक्क्यांवर गेला. मदत थांबली, महागाई वाढली. २०२२ मध्ये ६३, २०२३ मध्ये ६३, २०२४ मध्येही ६३.

अडलेला माणूस चौदा दिवस कसे काढतो हे त्याच्याजवळ काय आहे त्यावर ठरतं. २०१३ च्या ऑक्टोबरमध्येही सरकारी कामकाज १६ दिवस बंद पडलं होतं. तेव्हाचे व्यवहार तपासल्यावर दिसलं, की पगार लांबलेल्या बऱ्याच कर्मचाऱ्यांनी घराचा हप्ता आणि क्रेडिट कार्डाचं बिल थोडं पुढे ढकललं. घराच्या हप्त्याला दंड बसण्याआधी सहसा १५ दिवस मिळतात, त्यामुळे हे जवळजवळ फुकटचं कर्ज ठरलं.

भाड्याने राहणाऱ्या आणि चांगलं कार्ड नसलेल्या माणसाला तो रस्ता मोकळा नसतो. त्याच्यासाठी कोपऱ्यावर पगार-कर्जाचं दुकान असतं. १०० डॉलरला दोन आठवड्यांचे साधारण १५ डॉलर शुल्क, म्हणजे वार्षिक व्याज ३९० टक्के. ३०० डॉलर घेतले तर पुढच्या पगाराला ३४५ परत. पण त्या पगारातून ३४५ गेले की पुन्हा तेवढीच पोकळी उरते. अमेरिकेच्या ग्राहक वित्त संरक्षण विभागाने २०१४ मध्ये मांडलेल्या पाहणीनुसार अशा दहापैकी आठ कर्जांमागे चौदा दिवसांच्या आत दुसरं कर्ज येतं किंवा तेच पुढे वाढवलं जातं. इलिनॉय राज्याने २०२१ मध्ये अशा कर्जांच्या वार्षिक व्याजावर ३६ टक्क्यांची मर्यादा घातली. त्या दराने ३०० डॉलरचं दोन आठवड्यांचं व्याज ४५ ऐवजी ४ डॉलरच्या जरा वर येतं.