गाठ हाताला आठवते

सोलापूरच्या पूर्व भागात मागावर उभं आयुष्य काढलेल्या विणकराला अल्झायमर झाला, तर सकाळी काय खाल्लं ते त्याला सांगता येणार नाही. पण तुटलेला धागा हातात द्या, बोटं गाठ मारून मोकळी होतील.

असं होतं, कारण आठवणींचं कोठार एकच नसतं. नवे प्रसंग पक्के करतो तो हिप्पोकॅम्पस, कानांच्या आतल्या बाजूला, मेंदूत खोलवर. हाताचं कसब मुख्यतः बेसल गँग्लिया (मेंदूत खोलवर असलेले पेशींचे पुंजके) आणि लहान मेंदू सांभाळतात. अल्झायमरचा पहिला घाव बहुधा हिप्पोकॅम्पसच्या परिसरावर पडतो. म्हणून कालचं आधी जातं, तरुणपणचं मागाहून.

हे फार स्पष्ट दिसलं ते हेन्री मोलेसन या अमेरिकन रुग्णामध्ये. अपस्मारासाठी 1953 मध्ये, वयाच्या 27व्या वर्षी, त्याच्या दोन्ही बाजूंच्या हिप्पोकॅम्पसचा मोठा भाग काढला गेला. पुढे त्याला आरशात बघून चांदणीची बाह्यरेषा गिरवायला दिली. रोज हात सुधारत गेला. आपण हे आधी केलंय, हे मात्र त्याला एकदाही आठवलं नाही.

मग माणूस 'तोच' राहतो का? 2015 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात रुग्णांच्या नातेवाइकांना नेमकं हेच विचारलं होतं. 'हा आता आमचा राहिला नाही' असं वाटायला लावणारी मुख्य गोष्ट विसराळूपणा नव्हती; माया, प्रामाणिकपणा, दुसऱ्याची कदर हे गुण बदलणं ही होती. आमच्या मते घरच्यांसाठी हा मोठा दिलासा आहे.

म्हणून 'मला ओळखलंत का?' अशी परीक्षा घेऊ नका. उत्तर सापडत नाही, तेव्हा होणारी घालमेल फार असते. 'मामा, मी तुमची धाकटी सून, भाकरी आणलीय' असं सरळ सांगा. ज्याची आई तेलुगू बोलायची, त्याची नंतर शिकलेली मराठी आधी निसटू शकते. त्याच्याशी तेलुगूत बोलून पाहा. जुनी चादर हातात द्या, गड्ड्याच्या जत्रेचे फोटो दाखवा. चुकलं तर दुरुस्त करत बसू नका.

मात्र प्रत्येक विस्मरण अल्झायमर नसतं. बी-12 ची कमतरता, थायरॉईड मंदावणं, नैराश्य, झोपेच्या किंवा ॲलर्जीच्या काही गोळ्या यांनीही आठवण मंदावते आणि उपचारांनी बरीचशी परत येऊ शकते. रक्ताची तपासणी आधी करा, चालू गोळ्या डॉक्टरांना दाखवा. एक-दोन दिवसांतच माणूस भ्रमिष्टासारखं बोलू लागला, तर ताबडतोब दवाखाना गाठा. महिनाभरापूर्वी मोरीत पाय घसरून डोकं आपटलं होतं का, हेही आठवून सांगा. अशा मारानंतर म्हाताऱ्या माणसाच्या कवटीत रक्त हळूहळू साचत राहू शकतं आणि लक्षणं कित्येक आठवड्यांनी दिसू शकतात.