एसीवर बर्फ जमणे

एसीवर बर्फ जमणे : घरगुती वातानुकूलन यंत्राच्या कूलिंग कॉइलवर (हवा गार करणाऱ्या नळ्यांच्या वेटोळ्यावर) किंवा तिला जोडलेल्या तांब्याच्या पाइपांवर हिमाचा वा घट्ट बर्फाचा थर धरण्याचा दोष. मेकॅनिकच्या बोलीत 'कॉइल बर्फ पकडते' किंवा 'आयसिंग होते'. विंडो, स्प्लिट, सेंट्रल अशा सगळ्याच प्रकारांत तो आढळतो. बर्फ हे मूळ बिघाडाचे फक्त लक्षण असते. त्यामुळे तो वितळवून यंत्र तसेच चालू केले तर काही तासांत, फार तर काही दिवसांत, पुन्हा तिथेच दिसतो. बर्फ पाहून 'एसी भलताच गार करतोय' असा समज होणे साहजिक आहे. पण बर्फ धरलेल्या एसीच्या खोलीत माणसे घामाघूम झालेली असतात.

ठीक चाललेल्या यंत्रात कूलिंग कॉइलमधला प्रशीतक, म्हणजे बोलीतला गॅस, साधारण ४ ते १० अंश सेल्सिअसला उकळत असतो. उकळायला लागणारी उष्णता तो खोलीच्या हवेतून घेतो. २७ अंश तापमानाच्या आणि ५० टक्के सापेक्ष आर्द्रतेच्या हवेचा दवबिंदू सुमारे १६ अंश असतो, तेव्हा अशा कॉइलवर पाणी सुटणे ठरलेलेच. ते पत्र्यांवरून ओघळून खालच्या ट्रेमध्ये उतरते आणि ड्रेन पाइपने बाहेर जाते. यात गैर काही नाही. १९०२ मध्ये विलिस कॅरिअर यांनी ब्रुकलिनमधल्या एका छापखान्यासाठी आखलेली यंत्रणा मुळात हवेतला ओलावा आटोक्यात ठेवण्यासाठीच होती. अडचण सुरू होते ती कॉइलचा पृष्ठभाग ० अंशाखाली गेल्यावर. मग सुटलेले पाणी ओघळण्याऐवजी जागीच गोठते.

कॉइलचे तापमान रिमोटवर ठरत नाही. एकीकडून कॉम्प्रेसर, म्हणजे वाफ दाबणारा पंप, कॉइलमधली वाफ ओढत असतो, दुसरीकडून खोलीची हवा उष्णता पुरवत असते. या ओढाताणीत जिथे तोल साधतो तिथे कॉइलमधला दाब थांबतो आणि दाबावरून उकळण्याचे तापमान ठरते. हवेकडून मिळणारी उष्णता घटली, किंवा कॉइलमध्ये येणारा द्रव गॅसच घटला, की दाब खाली घसरतो. ० अंशाला जुळणारा दाब गेजवर, म्हणजे दाबमापकावर, आर-२२ या गॅससाठी सुमारे ५८, आर-४१०ए साठी सुमारे १०१ आणि आर-३२ साठी सुमारे १०३ पाउंड प्रति चौरस इंच असतो. सक्शनचा, म्हणजे कॉम्प्रेसर वाफ ओढतो त्या बाजूचा, काटा बराच वेळ याच्या खाली राहिला तर कॉइलवर बर्फ येणार हे पॅनेल न उघडताही सांगता येते.

एकदा सुरुवात झाली की बर्फच बर्फाला वाढवतो. कॉइलच्या ॲल्युमिनियम पत्र्यांमधली, म्हणजे फिन्समधली, फट जेमतेम एक-दीड मिलिमीटरची असते. तीत थोडे हिम धरले की हवेची वाट अरुंद होते, कमी हवा म्हणजे कमी उष्णता, कमी उष्णता म्हणजे आणखी खाली गेलेले तापमान. शिवाय बर्फाची उष्णतावाहकता ॲल्युमिनियमच्या शंभराव्या हिश्श्याच्या आसपास असते आणि ताजे भुसभुशीत हिम, त्यात हवा अडकलेली असल्याने, त्याहूनही वाईट वाहक असते. म्हणजे कॉइल आपल्याच अंगावर पांघरूण ओढून घेते. यंत्राची क्षमता ज्या 'टना'त मोजतात तो टनही बर्फावरूनच आला आहे : २,००० पाउंड बर्फ २४ तासांत वितळताना जेवढी उष्णता शोषतो त्या वेगाला, म्हणजे सुमारे ३.५ किलोवॉटला, एक टन म्हणतात.

हवा अडणे. सर्वांत जास्त आढळणारे कारण, आणि सर्वांत कमी खर्चाचे. दर टनामागे मिनिटाला सुमारे ४०० घनफूट हवा कॉइलवरून जावी असा सर्वसाधारण हिशेब आहे. फिल्टरवर धुळीची गोधडी बसली की हा आकडा झपाट्याने खाली येतो. फिल्टर धुऊनही हवा कमीच वाटत असेल तर नजर ब्लोअरकडे, म्हणजे आतल्या पंख्याकडे, वळवावी. स्प्लिटच्या आतल्या युनिटमध्ये लांब लाटण्यासारखा दंडगोल ब्लोअर असतो, त्याला बारीक वळणदार पात्यांच्या रांगा असतात. या पात्यांच्या खोबणीत ओलसर धूळ चिकटून वाळते. पाते पुरते बुजले की ब्लोअर पूर्ण वेगाने फिरतो, आवाजही नेहमीसारखा येतो, पण हवा फेकत नाही. टॉर्च मारून हवा बाहेर पडण्याच्या फटीतून आत पाहिले तर काळपट, केसाळ थर दिसतो. नेहमीच्या सर्व्हिसिंगमध्ये फिल्टर धुतला जातो, कॉइलवर समोरून पाणी मारले जाते आणि ब्लोअर तसाच राहतो. महिन्याभरापूर्वी सर्व्हिसिंग झालेल्या एसीवर बर्फ दिसतो तो पुष्कळदा यामुळे. कॉइलच्या मागच्या बाजूला साचलेला मळ, खराब झालेल्या कॅपॅसिटरमुळे मंदावलेली ब्लोअरची मोटर, समोर आलेले कपाट किंवा पडदा, सेंट्रल यंत्रणेत बंद केलेली हवेची तोंडे, ही याच कुळातली इतर कारणे.

गॅस कमी होणे. इथे सामान्य तर्क उलटा पडतो. गॅस कमी तर थंडावा कमी, मग बर्फ कसा? याचे उत्तर वरच्या तोलात आहे. द्रव कमी येतो, कॉम्प्रेसर मात्र तेवढ्याच जोमाने ओढत राहतो, त्यामुळे दाब पडतो आणि आलेला थोडाफार द्रव कॉइलच्या सुरुवातीच्याच काही वेटोळ्यांत ० अंशाखाली उकळून संपतो. तेवढ्या भागावर बर्फ धरतो, उरलेली कॉइल जवळजवळ खोलीइतकीच उबदार राहते. गळती वाढून गॅस अगदीच संपत आला की हा बर्फही आक्रसत जातो आणि शेवटी नुसता पंखा फिरतो. गॅस हा पेट्रोलसारखा जळून संपणारा पदार्थ नाही. बंद चक्रात तोच वर्षानुवर्षे फिरतो. म्हणून 'दर वर्षी गॅस भरावा लागतो' हे वाक्य म्हणजे गळती शोधलेली नाही याची कबुलीच आहे. गळती बहुधा पाइप जोडणाऱ्या फ्लेअर नटच्या जोडात, ब्रेझिंगच्या (धातू वितळवून सांधलेल्या) जागी किंवा गंजून सूक्ष्म छिद्रे पडलेल्या कॉइलमध्ये सापडते. गॅसबरोबर थोडे तेलही बाहेर येते, त्यामुळे गळक्या जोडाभोवती धूळ चिकटून तेलकट डाग पडतो.

वाट तुंबणे हा त्याचा चुलतभाऊ. कॅपिलरी (द्रवाचा दाब उतरवणारी बारीक नळी) चोक झाली, फिल्टर ड्रायर (गॅसमधला ओलावा आणि कचरा टिपणारी डबी) भरला किंवा तांब्याचा पाइप वाकवताना दबला, तर गॅस पुरेसा असूनही कॉइलपर्यंत पोचत नाही. दबलेल्या जागेच्या पुढे अचानक हिम दिसते. चक्रात ओलावा शिरला असेल तर तो विस्ताराच्या जागी, म्हणजे जिथे दाब उतरतो तिथे, आतून गोठतो : एसी काही वेळ चांगला चालतो, मग गार करणे थांबवतो, बंद ठेवला की पुन्हा चालतो.

थंड हवामानात, विशेषतः रात्री, कूलिंग चालू ठेवल्यानेही बर्फ येतो. बाहेर गारवा असला की कंडेन्सरमधला, म्हणजे बाहेरच्या युनिटच्या कॉइलमधला, दाब उतरतो, कॅपिलरीतून ढकलला जाणारा द्रव कमी होतो आणि खोलीतही काढायला फारशी उष्णता उरलेली नसते. साध्या, स्थिर वेगाच्या यंत्रांना बाहेरचे तापमान १६-१८ अंशांखाली गेल्यावर हा त्रास सुरू होऊ शकतो. १६ अंशांवर ठेवलेल्या रिमोटला मात्र उगाच जास्त दोष दिला जातो. निरोगी यंत्र उन्हाळ्यात १६ वर ठेवले तरी बर्फ धरत नाही. आधीच अर्धवट तुंबलेल्या यंत्राला मात्र ही सेटिंग थांबण्याची संधी देत नाही.

उरली विजेची कारणे. कॉइलच्या पाइपवर एका छोट्या नळीत तापमानाचा सेन्सर खोचलेला असतो. अनेक यंत्रांत त्याचा रोध २५ अंशांना ५ किंवा १० किलोओम असतो. सफाई करताना तो निसटून बाहेर लोंबकळत राहिला, तर कॉइल गोठत असतानाही सर्किट बोर्डाला सगळे आलबेल वाटते. दुसरा प्रकार रिलेचा, म्हणजे कॉम्प्रेसर चालू-बंद करणाऱ्या विद्युत स्विचचा. संपर्कबिंदू एकमेकांना चिकटले की खोली गार झाल्यावरही, कधी कधी तर आतला पंखा बंद असतानाही, बाहेर कॉम्प्रेसर चालूच राहतो. अशी कॉइल रात्रीत बर्फाची लादी होते.

इन्व्हर्टर, म्हणजे कॉम्प्रेसरचा वेग कमी-जास्त करणाऱ्या, यंत्रांत चित्र थोडे वेगळे दिसते. कॉइल ० अंशाजवळ आली की बोर्ड कॉम्प्रेसरचा वेग उतरवतो, गरज पडल्यास तो थांबवतो. त्यामुळे तुंबलेल्या फिल्टरचा इन्व्हर्टर एसी पुष्कळदा बर्फ दाखवतच नाही. 'गार कमी करतो' एवढीच तक्रार येते, आणि ती ऐकून गरज नसताना गॅस भरला जातो.

बर्फाची ठेवण वाचता आली तर निम्मे निदान झाले. समोरचे पॅनेल उचलून फिल्टर काढावेत आणि कॉइल एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पाहावी. एका कोपऱ्यात किंवा एका आडव्या पट्ट्यातच पांढरे हिम, बाकीचे पत्रे कोरडे आणि बोट लावले तर कोमट, असे असेल तर संशय गॅसवर किंवा तुंबलेल्या वाटेवर घ्यावा. सगळ्या कॉइलवर सारखा थर आणि बाहेरच्या युनिटकडे जाणारा जाड पाइपही पांढरा पडलेला असेल तर हवा अडलेली असते. बऱ्याच स्प्लिट यंत्रांत कॅपिलरी बाहेरच्या युनिटमध्ये असते, म्हणून आत येणारा बारीक पाइपही थंड असणे स्वाभाविक आहे. त्याच्यावर दव चालते, पण व्हॉल्व्हपाशी चिकटलेले कोरडे हिम बहुधा गॅस कमी असल्याचे सांगते. हे नियम ठोकताळे आहेत. जुना बर्फ सगळीकडे पसरला की दोन्ही चित्रे एकसारखी दिसू लागतात, म्हणून पूर्ण वितळवून, पुन्हा चालू करून पहिल्या अर्ध्या तासात बर्फ कुठून सुरू होतो ते पाहणे सर्वांत खात्रीचे.

बर्फ दिसताच कूलिंग बंद करावे. गोठलेल्या कॉइलमध्ये द्रव पूर्ण उकळत नाही, तो द्रवरूपातच कॉम्प्रेसरकडे परततो. कॉम्प्रेसर वाफ दाबण्यासाठी असतो, द्रव त्याची झडप मोडू शकतो आणि वंगणतेल पातळ करतो. मग यंत्र नुसत्या फॅन मोडवर ठेवावे. तीन किलो बर्फ वितळायला सुमारे १,००० किलोज्यूल उष्णता लागते. खोलीची हवा ती तास-दोन तासांत पुरवते. ब्लोअर बर्फाला घासत असेल तर मात्र यंत्र पूर्ण बंद करून थांबावे. जाड लादी असल्यास रात्रही जाते. वितळताना ट्रे भरून वाहतो, ड्रेन तुंबलेला असल्यास जास्तच, तेव्हा खाली बादली आणि जुने कापड हवे. सुरी, स्क्रू-ड्रायव्हर, उलथने यांनी बर्फ कधीही खरवडू नये. फिन्स कागदाइतक्या पातळ असतात आणि त्यांच्या मागेच गॅसची नळी असते. दहा मिनिटांच्या उतावळेपणाने नवी कॉइल घ्यावी लागते.

कॉइल कोरडी झाली की फिल्टर धुऊन, सावलीत वाळवून बसवावेत. रोजच्या वापरात दोन-तीन आठवड्यांनी हे काम पुरे. कॉइल आणि ब्लोअर यांची आतून सफाई करताना बोर्ड झाकून, खाली पाणी झेलणारी पिशवी लावून जेट पंप वापरतात. वाकलेल्या फिन्स दातेरी कंगव्याने सरळ होतात. एवढ्यावर बर्फ थांबला तर पुढे काही करायचे नाही.

थांबला नाही तर काम गेज घेऊन आलेल्या तंत्रज्ञाचे. योग्य क्रम असा : नायट्रोजन भरून दाब धरतो का पाहणे, साबणाच्या फेसाने गळती शोधणे, जोड दुरुस्त करणे, व्हॅक्यूम पंपाने हवा आणि ओलावा काढणे, आणि यंत्राच्या पट्टीवर लिहिलेल्या ग्रॅमनुसार वजनकाट्यावर गॅस भरणे. फक्त काटा पाहून 'थोडा मारून देतो' म्हणणाऱ्याला नाही म्हणावे. आर-४१०ए हे आर-३२ आणि आर-१२५ यांचे निम्मे-निम्मे मिश्रण आहे, ते द्रवरूपातच भरावे लागते. आर-३२ सौम्य ज्वलनशील आणि आर-२९० म्हणजे प्रोपेन तर चांगलाच ज्वलनशील. यांच्या गळतीशी घरच्या घरी प्रयोग करू नयेत.

सगळाच बर्फ दोष नसतो. हिवाळ्यात खोली तापवणारे हीट पंप यंत्र बाहेरच्या हवेतून उष्णता घेते, तेव्हा बाहेरची कॉइल ० अंशाखाली जाते आणि तिच्यावर हिम धरतेच. यंत्र अधूनमधून गॅसची दिशा बदलणारा चार-मार्गी व्हॉल्व्ह फिरवून काही मिनिटे उलटे चालते, हिम वितळवते. त्या वेळी बाहेरच्या युनिटमधून वाफ उठते आणि ती धूर समजून लोक घाबरतात. काही इन्व्हर्टर यंत्रांत तर स्वच्छतेसाठी आतली कॉइल मुद्दाम गोठवतात, मग बर्फ एकदम वितळवून त्या पाण्याबरोबर पत्र्यांवरची धूळ ड्रेनमध्ये वाहून नेतात. ही क्रिया चालू असताना पॅनेल उघडले तर कॉइल पांढरीशुभ्र दिसते.