बहुतंतू करार

बहुतंतू करार : कापड व तयार कपड्यांच्या आयातीवर देशवार कोटा ठरवणारी आंतरराष्ट्रीय व्यवस्था. मल्टिफायबर अरेंजमेंट किंवा व्यापाऱ्यांच्या बोलण्यात ‘एमएफए’. 1 जानेवारी 1974 पासून ती गॅट या आंतरराष्ट्रीय व्यापार कराराच्या चौकटीत लागू झाली आणि 1994 अखेर संपली. तिच्यातले कोटे मात्र टप्प्याटप्प्याने उठत 2004 अखेरपर्यंत टिकले. आज जगातली शिलाईची कामे जिथे आहेत तिथेच का आहेत, हे समजायला मजुरीच्या दराइतकाच हा करारही पाहावा लागतो.

दुसऱ्या महायुद्धानंतर स्वस्त जपानी सुती कापड अमेरिकेत येऊ लागले. तिथल्या गिरण्यांनी ओरड केल्यावर 1957 मध्ये जपानने स्वतःच्या निर्यातीवर मर्यादा घालून घेतली. ती मोकळी झालेली जागा हाँगकाँगने घेतली. मग 1961 चा अल्पकालीन आणि 1962 चा दीर्घकालीन सुती कापड करार आला, तर उत्पादक कृत्रिम धाग्यांकडे वळले. म्हणून 1974 च्या करारात सुताबरोबर लोकर आणि मानवनिर्मित धागेही घेतले गेले आणि 1986 मध्ये रेशीममिश्रित कापड, लिनन वगैरेंची भर पडली. सर्व सदस्य देशांना समान वागणूक हे गॅटचे मूळ तत्त्व, पण इथे प्रत्येक निर्यातदार देशासाठी वेगळा आकडा ठरत असे. श्रीमंत देशांनी आपल्या सोयीसाठी नियमाला पाडलेले हे मोठे भगदाड होते. विकसनशील देशांना ज्या मालात सर्वांत आधी स्पर्धा करता येते, नेमका तोच माल समान वागणुकीच्या तत्त्वाबाहेर ठेवला गेला.

कोटा नगांवर किंवा चौरस मीटरवर मोजला जाई, किमतीवर नाही. त्यामुळे हाँगकाँग आणि कोरियातील कारखाने तेवढ्याच नगांत महागडे कपडे बसवू लागले. कोट्याचा परवाना ही स्वतंत्र मालमत्ताच झाली. हाँगकाँगमध्ये तो उघडपणे विकला जाई. भारतात अपॅरल एक्स्पोर्ट प्रमोशन कौन्सिल तयार कपड्यांच्या कोट्याचे वाटप करी. पूर्वी किती निर्यात केली हा वाटपाचा एक मोठा निकष असल्याने जुन्या निर्यातदाराचे पारडे जड राही. परवान्याची किंमत परवानाधारकाच्या खिशात गेली, शिवणाऱ्या कामगाराकडे ती येण्याची कोणतीही वाट करारात नव्हती.

ज्यांचा कोटा भरला, ते कोटा नसलेल्या देशांत गेले. बांगलादेशचे उदाहरण सर्वांत ठळक आहे. दक्षिण कोरियाच्या देवू कंपनीने चट्टग्रामच्या ‘देश गारमेंट्स’ या कपडे कंपनीशी करार केला आणि 1979 मध्ये सुमारे 130 जणांना कोरियात प्रशिक्षण दिले. त्यांतले बरेच जण पुढे देश गारमेंट्स सोडून इतर कारखान्यांत गेले किंवा त्यांनी स्वतःचे कारखाने उभारले, आणि कौशल्य देशभर पसरले. 1985 मध्ये अमेरिकेने बांगलादेशवरही कोटे लावले, तोवर उद्योग मूळ धरून होता. आज त्यात सुमारे 40 लाख लोक काम करतात आणि त्यांत स्त्रिया बहुसंख्य आहेत. मराठी भाषकांची जुनी वस्ती असलेल्या मॉरिशसमध्येही हाँगकाँगच्या भांडवलाने असेच कारखाने निघाले.

भारताची गोष्ट निराळी. हातमागाचे कापड आणि त्यापासून बनवलेल्या कुटिरोद्योगी वस्तू यांना करारातच सूट होती. याउलट तयार कपडे शिवणे देशातल्या धोरणानुसार लघुउद्योगांसाठी राखीव होते; विणलेल्या कापडाच्या कपड्यांवरचे हे बंधन 2000 च्या वस्त्रोद्योग धोरणाने उठले. त्यामुळे कोटे उठले तेव्हा चीनच्या तोडीचे मोठे शिलाई कारखाने आपल्याकडे फारसे नव्हते. मुंबईच्या गिरण्यांच्या पडझडीचे खापर मात्र या करारावर फोडता येत नाही. 1982 च्या संपात अडीच लाखांच्या आसपास कामगार उतरले होते, पण त्या गिरण्यांचा मुख्य ग्राहक देशातलाच होता आणि त्यांना खरी टक्कर भिवंडी-इचलकरंजीसारख्या ठिकाणच्या यंत्रमागांची होती.

गॅटच्या उरुग्वे फेरीत, म्हणजे व्यापार वाटाघाटींत, ठरल्याप्रमाणे 1995 पासून दहा वर्षांत कोटे काढायचे होते. आयातदार देशांनी आधी कमी महत्त्वाच्या वस्तू मोकळ्या केल्या आणि जवळजवळ निम्मा भाग, 49 टक्के, शेवटच्या दिवसासाठी ठेवला. 1 जानेवारी 2005 नंतर चिनी माल इतक्या वेगाने आला की त्याच वर्षी युरोपीय संघ आणि अमेरिका या दोघांनीही चीनशी नव्याने मर्यादा ठरवून घेतल्या. आफ्रिकेतल्या लेसोथोत आणि मॉरिशसमध्ये कारखाने बंद पडून हजारोंची कामे गेली. ज्यांच्या नावाने हे संरक्षण उभे केले होते, त्या अमेरिकन शिलाई कामगारांची संख्याही 1970 च्या दशकातील दहा लाखांहून अधिकवरून 2005 पर्यंत तीन लाखांच्या आत आली.

करारात मजुरी, कामाचे तास किंवा इमारतीची सुरक्षितता यांविषयी एकही अट नव्हती. 24 एप्रिल 2013 रोजी ढाक्याजवळ राणा प्लाझा कोसळून 1,100 हून अधिक माणसे मेली, त्यानंतर कुठे ब्रँड आणि कामगार संघटना यांच्यात बांगलादेशात बंधनकारक सुरक्षा करार झाला. पण कोटा आणि कामगारहक्क यांची सांगड घालता येत होती, हे कंबोडियात दिसले होते. 1999 च्या अमेरिका-कंबोडिया करारानुसार कारखान्यांतील परिस्थिती सुधारल्यास वर्षाला कमाल 14 टक्के जादा कोटा मिळणार होता. आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेचे निरीक्षक कारखान्यांत जाऊन पाहणी करत. कोटे संपल्यावर ते बक्षीस उरले नाही, तरी ही पाहणी ‘बेटर फॅक्टरीज कंबोडिया’ या नावाने पुढेही चालू राहिली.